बाबूराव पेंटर आणि कलावंताचें स्वातंत्र्य

कोल्हापुरांत खरी कॉर्नर या नांवानें ओळखल्या जाणाऱ्या चौकांत एक स्तंभ आहे. त्यावर कोणा राजाचा किंवा सेनापतीचा पुतळा नसून चित्रपटाच्या कॅमेऱ्याची प्रतिकृति आहे. पुतळे आपल्याकडे गांवोगांवीं आहेत. परंतु एका यंत्राचें स्मारक करावें असें ज्या नगरास वाटलें, त्यानें त्या यंत्रांत कांहीं निराळें पाहिलें असलें पाहिजे. हें स्मारक बाबूराव पेंटर यांच्या कामगिरीचें आहे. त्यांनीं स्वतःच्या हातांनीं कॅमेरा घडविला, त्या कॅमेऱ्यानें चित्रपट काढले, आणि त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनींत शिकलेल्या मंडळींनीं पुढें प्रभातची स्थापना केली, एवढी हकीकत बहुतेक सुशिक्षित घरांतून ठाऊक असते.

गेल्या वर्षीं वर्गांत हा विषय निघाला असतां एका विद्यार्थ्यानें आम्हांस प्रश्न केला, "सर, त्यांचे मूकपट तर आज पाहावयास मिळत नाहींत, मग ते थोर कलावंत होते हें आपण कशावरून म्हणतों?" वर्गांत थोडा हशा पिकला. आम्हींहि समकालीनांच्या साक्षी व मिळालेलें पदक यांचा उल्लेख करून वेळ मारून नेली. परंतु प्रश्न मनांतून गेला नाहीं. भारतांत मूकपटांच्या काळांत सुमारें १,३०० चित्रपट निघाले, व त्यांपैकीं पूर्ण किंवा तुटक स्थितींत आज हातीं असलेल्यांची संख्या ३० च्या आसपास आहे. त्या काळची नायट्रेटची फिल्म पेट घेणारी, आणि न जळली तरी डब्यांत पडल्या पडल्या कुजून भुकटी होणारी. बाबूरावांच्या मूकपटांतील बहुतेक सर्व अशाच रीतीनें नाहींसे झाले. ज्याचीं काव्यें नष्ट झालीं त्या कवीविषयीं इतिहासकारानें काय लिहावें, असाच हा पेंच आहे. त्यास यथाशक्ति उत्तर द्यावें, म्हणून हा लेखनप्रपंच.

बाबूरावांचें मूळ आडनांव मेस्त्री. त्यांचा जन्म ३ जून १८९० रोजीं कोल्हापुरांत झाला. वडील कृष्णराव हे नामांकित कारागीर. शाळेचें शिक्षण बाबूरावांस फारसें लाभलें नाहीं. परंतु लांकूड, लोखंड, माती व रंग यांच्याशीं सलगी बाळपणापासून जडली. चित्रकला व शिल्पकला या दोन्ही विद्या त्यांनीं कोणत्याहि कलाशाळेचें तोंड न पाहतां साध्य केल्या. त्यांचे बंधु आनंदराव—नात्यानें चुलत, परंतु स्नेहानें सख्ख्याहून जवळचे—हेहि तितकेच कुशल. या दोघां भावांनीं १९१० नंतरच्या वर्षांत संगीत नाटक मंडळ्यांसाठीं पडदे रंगविले, आणि त्यांची इतकी ख्याति झाली कीं 'पेंटर' हें धंद्याचें नांवच त्यांचें आडनांव होऊन बसलें.

नाटकाचा पडदा हें आजच्या वाचकांस क्षुल्लक काम वाटेल. तें तसें नव्हतें. राजवाडा, अरण्य, रस्ता, देऊळ हीं सर्व स्थळें सपाट कापडावर खोल भासलीं पाहिजेत, दिव्यांच्या उजेडांत त्यांचे रंग मेले नाहीं पाहिजेत, आणि शेवटच्या रांगेंतील प्रेक्षकासहि तीं खरीं वाटलीं पाहिजेत. म्हणजे प्रकाश, अंतर व पाहणाऱ्याचा डोळा या तिहींचा हिशेब त्या कामांत आधींच येतो. बाबूरावांस चित्रपटाची दीक्षा मिळण्यापूर्वीं त्याची अर्धी विद्या पडद्यांनींच शिकविली होती, असें म्हटल्यास अतिशयोक्ति होणार नाहीं.

१९१३ सालीं दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' प्रकट झाला, आणि तो पाहून या दोघां भावांस आपणहि चित्रपट काढावा असा ध्यास लागला. फाळक्यांनीं विलायतेस जाऊन कॅमेरा आणला होता. या भावांपाशीं विलायतेस जाण्याइतकें द्रव्य नव्हतें. त्यांनीं मुंबईच्या जुन्या बाजारांतून चित्र दाखविण्याचें एक यंत्र मिळविलें, त्यावर खेळ दाखविले, व तें खोलून त्याचें मर्म जाणून घेतलें. इतक्यांत १९१६ सालीं आनंदराव वारले. दुसरा कोणी असता तर हा नाद तेथेंच सोडता. बाबूरावांनीं तो सोडला नाहीं. विष्णुपंत दामले यांच्या साहाय्यानें त्यांनीं काम पुढें चालविलें, आणि १९१८ च्या सुमारास कोल्हापुरांत घडविलेला कॅमेरा चालूं लागला.

या गोष्टींत एवढें मोठें काय आहे, हें समजण्यास त्या यंत्राचा स्वभाव थोडा सांगितला पाहिजे. फिल्मची पट्टी सारखी सरकत राहिली तर चित्र उमटत नाहीं. ती दांत्यांनीं ओढून भिंगासमोर आणावी, क्षणमात्र अगदीं स्थिर ठेवावी, तेवढ्यांत प्रकाश आंत घ्यावा, झडप मिटावी, आणि लगेच पट्टी पुन्हा एका चित्राइतकीच पुढें न्यावी. हें सर्व सेकंदास सुमारें सोळा वेळां, हातानें दांडा फिरवून. दांत्यांत केसाएवढी चूक झाली तरी पडद्यावर सबंध राजवाडा थरथरूं लागतो. पेटींत सुईच्या अग्राएवढी फट राहिली तर सारी फिल्म काळवंडते. दाखविण्याच्या यंत्रांतून प्रकाश बाहेर जातो, घेण्याच्या यंत्रांत तो आंत येतो. हा उलटा न्याय ओळखून तें घडवावयाचें होतें. भिंगें व कोरी फिल्म परदेशचीच असत, हें खरें. परंतु यंत्राचें मर्म आपलें झालें होतें, आणि तें बिघडलें असतां दुरुस्तीसाठीं कोणाच्या दारीं जावें लागणार नव्हतें.

यंत्र झालें तरी भांडवलाचा प्रश्न उरलाच. त्या वेळीं तो सोडविला एका गायिकेनें. तानीबाई कागलकर यांनीं आपला पैसा बाबूरावांच्या हातीं दिला, आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. शाहू महाराजांच्या आश्रयाची छायाहि तिला लाभली. मुंबईच्या सराफ्यानें नव्हे, तर करवीरच्या एका कलावतीनें मराठी चित्रपटाच्या या शाखेस पहिलें पाणी घातलें, ही गोष्ट आपल्या ग्रंथांत एका ओळींत उरकली जाते. तिला याहून मोठी जागा मिळावयास पाहिजे, असें आमचें मत आहे.

कंपनीचा पहिला चित्रपट 'सैरंध्री' ७ फेब्रुवारी १९२० रोजीं पुण्याच्या आर्यन थिएटरांत लागला. विषय कीचकवधाचा. हें कथानक मराठी माणसाच्या मनांत त्या काळीं केवळ पुराणांतलें राहिलें नव्हतें. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या 'कीचकवध' नाटकांतील कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, असा अर्थ प्रेक्षकांनीं घेतला होता, व सरकारनें १९१० सालीं त्या नाटकावर बंदी घातली होती. त्याच कीचकास बाबूरावांच्या भीमानें पडद्यावर मारिलें, आणि तें दृश्य इतकें अंगावर येणारें होतें कीं तें चित्रपटांतून काढावें लागलें. लोकमान्य टिळकांनीं हा चित्रपट पाहून बाबूरावांस 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली, असें सांगतात. लोकमान्यांच्या आयुष्याचे तेव्हां अवघे सहा महिने उरले होते.

या चित्रपटांत स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनींच केल्या. फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुरां'त दुर्गाबाई कामत व कमलाबाई गोखले यांनीं १९१३ सालींच पडद्यावर पाऊल ठेविलें होतें. तरीहि पुढें कित्येक वर्षें पुरुषांनींच नायिका व्हावें हा परिपाठ चालू होता. बाबूरावांनीं गुलाबबाई व अनसूयाबाई यांस घेतलें. पडद्यावर त्या कमलादेवी व सुशीलादेवी या नांवांनीं आल्या. त्याबद्दल त्यांच्या जातभाईंनीं त्यांस दूर लोटलें, आणि त्यांस कंपनीच्याच आवारांत आसरा घ्यावा लागला. प्रेक्षकांनीं टाळ्या वाजविल्या त्या दोघींच्या अभिनयास. परंतु त्या टाळ्यांची किंमत त्यांनीं कोणत्या नाण्यांत चुकविली, हें थिएटरांतून बाहेर पडणाऱ्यांच्या ध्यानींहि आलें नसेल.

यानंतर आठ-दहा वर्षें कंपनीची भरभराट झाली. 'सुरेखा हरण' १९२१ सालीं निघाला. त्यांत शांताराम वणकुद्रे नांवाचा एक तरुण प्रथम पडद्यावर आला. १९२३ सालीं 'सिंहगड' झाला. हरि नारायण आपट्यांच्या सुप्रसिद्ध कादंबरीचा त्यास आधार होता, आणि शिवछत्रपतींची भूमिका स्वतः बाबूरावांनीं केली. तानाजीनें गड घेतला तो रात्रीं. सूर्याच्या उजेडांत रात्रीचें सोंग आणणें त्यांस रुचेना. म्हणून त्यांनीं कृत्रिम प्रकाशाची योजना करून रात्रीचे प्रसंग चित्रित केले. या चित्रपटास लोटलेली गर्दी पाहूनच सरकारास करमणुकीवर कर बसविण्याची कल्पना सुचली, अशी आख्यायिका आहे. मुंबई इलाख्यांतील त्या कराचा कायदा १९२३ चाच आहे. तरी एका चित्रपटानें कायदा जन्मास घातला हें म्हणणें इतिहासापेक्षां प्रेमाचेंच अधिक दिसतें.

बाबूरावांच्या काम करण्याच्या रीतीकडे आतां पाहूं. चित्रण सुरू करण्यापूर्वीं ते प्रत्येक प्रसंगाचें रेखाचित्र काढीत; पात्र कोठें उभें राहील, प्रकाश कोणीकडून येईल, हें कागदावर ठरे. ज्या रंगविलेल्या पडद्यांनीं त्यांस नांव मिळवून दिलें, तेच त्यांनीं चित्रपटांतून हद्दपार केले, व त्यांच्या जागीं खरे खांब, खऱ्या कमानी, चहूंकडून फिरतां येईल असे देखावे उभे केले. आपली हुकमी विद्या नव्या माध्यमास अपुरी आहे हें ओळखून ती बाजूस ठेवणारे कलावंत थोडे. पात्रांचे पोषाख, दागिने व आयुधें यांचीं चित्रें तेच काढीत. चित्रपट पुरा झाल्यावर त्याच्या जाहिरातीचीं भित्तिचित्रेंहि त्यांच्याच कुंचल्यांतून उतरत. १९२४ च्या 'कल्याण खजिना'चें असें एक भित्तिचित्र सुदैवानें टिकलें आहे, आणि भारतीय चित्रपटाचें आज उपलब्ध असलेलें सर्वांत जुनें भित्तिचित्र म्हणून तें गणलें जातें. त्याच चित्रपटास वेंब्ले येथील साम्राज्य प्रदर्शनांत पदक मिळालें. चित्रपट गेला, त्याची जाहिरात राहिली!

मात्र बाबूरावांचें खरें धाडस आम्हांस १९२५ च्या 'सावकारी पाश'मध्यें दिसतें. नारायण हरि आपटे यांच्या कथेवरील हा चित्रपट. कर्जांत बुडालेला शेतकरी, त्याची जमीन गिळणारा सावकार, आणि शेवटीं शहरांतील गिरणीची वाट धरणें, एवढेंच त्याचें कथानक. यांत देव नव्हता, किल्ला नव्हता, तलवार नव्हती. तरुण शेतकऱ्याचें काम शांतारामांनीं केलें होतें. दख्खनच्या शेतकऱ्यांनीं १८७५ सालीं सावकारांचे दस्तऐवज जाळले, त्यांच्यासाठीं १८७९ सालीं कायदा झाला, आणि त्यानंतर पन्नास वर्षांनींहि शेतकऱ्याचें दुःख तसेंच होतें. हा इतिहास आम्ही वर्गांत आंकड्यांनीं शिकवितों. बाबूरावांनीं तो एका झोंपडींत बसवून दाखविला. चित्रपटनिर्माते जे. बी. एच. वाडिया यांस तो चित्रपट पुढें अनेक वर्षें आठवत राहिला होता. मंद प्रकाशांतली ती उदास झोंपडी आणि रडणारें कुत्रें त्यांच्या मनांतून गेलें नव्हतें. वाचकांनीं लक्षांत घ्यावें, कीं चित्रपट मुका होता. कुत्र्याचा आवाज कोणासहि ऐकूं आला नव्हता. तरी आठवणींत तो शिल्लक राहिला.

प्रेक्षकांस मात्र हें रुचलें नाहीं. पुराणें व बखरी यांस सोकावलेल्या लोकांनीं पैसे देऊन आपलेंच दारिद्र्य काय म्हणून पाहावें! चित्रपटास यश आलें नाहीं, आणि कंपनी पुन्हा मुकुट व तलवारी यांकडे वळली. पण तो विषय बाबूरावांच्या मनांतून गेला नव्हता, हें पुढें दिसून आलें.

१९२९ हें वर्ष कंपनीच्या आयुष्यांतील वळणाचें. दामले, फत्तेलाल, शांताराम व धायबर हे बाबूरावांच्या हाताखालीं तयार झालेले चौघे बाहेर पडले, आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्या साहाय्यानें १ जून १९२९ रोजीं त्यांनीं कोल्हापुरांतच प्रभात फिल्म कंपनी काढली. बाबूरावहि लवकरच आपल्या कंपनीपासून दूर झाले, व ती बंद पडली. हा गुरुद्रोह होता कीं काळाची गति, यावर पुष्कळ चर्वितचर्वण झालें आहे. आमच्या मतें एका प्रश्नानें त्यावर अधिक प्रकाश पडतो. त्याच गांवांतून, त्याच शिकवणींतून निघालेली प्रभात बोलपटाच्या युगांत शिखरावर गेली, आणि तिचा गुरु मात्र मागें राहिला, हें कां?

१४ मार्च १९३१ रोजीं 'आलम आरा' प्रकट झाला आणि चित्रपट बोलूं लागला. ध्वनि टिपण्याचें यंत्र लेथवर घडण्यासारखें नव्हतें. त्यास मायक्रोफोन पाहिजे, विजेच्या दिव्यांसारखे व्हॉल्व्ह पाहिजेत, सेकंदास बरोबर चोवीस चित्रांच्या वेगानें कॅमेरा चालविणारी मोटार पाहिजे. आणि हें सर्व परदेशच्या मोठ्या कारखान्यांतून, त्यांनीं सांगितलेल्या किंमतीनें घ्यावें लागे. बाबूरावांचें स्वातंत्र्य द्रव्यावर उभें नव्हतें. द्रव्य त्यांच्यापाशीं केव्हांच नव्हतें. तें उभें होतें आपलें हत्यार आपण घडविण्याच्या सामर्थ्यावर. बोलपटानें नेमका तोच पाया काढून घेतला. प्रभातच्या मंडळींनीं यावर तोड काढली ती कामाच्या वांटणीची: ध्वनि एकानें पाहावा, देखावे दुसऱ्यानें, दिग्दर्शन तिसऱ्यानें, व हिशेब चौथ्यानें. बाबूरावांकडे सर्व कांहीं एकाच डोळ्यांतून व एकाच हातांतून जात असे. ती त्यांची थोरवी होती, आणि तीच त्यांची मर्यादाहि ठरली. जो सर्व कामें स्वतः उत्तम करूं शकतो, त्यास दुसऱ्यावर काम सोंपविणें जड जातें. आणि त्याचे शिष्य जितके चांगले तयार होतात, तितकें त्यांस त्याच्या छायेंत उभें राहणें अवघड होतें.

पुढची वाटचाल दुसऱ्यांच्या छताखालची आहे. १९३५ सालीं शालिनी सिनेटोनसाठीं त्यांनीं 'उषा' काढला. १९३६ सालीं 'सावकारी पाश' पुन्हा, बोलपटाच्या रूपानें केला. अपयशी ठरलेला विषय अकरा वर्षांनीं पुन्हा हातीं घेणारा मनुष्य केवळ धंद्याचा विचार करीत नव्हता, हें उघड आहे. १९३७ सालीं 'प्रतिभा' झाला. १९४७ सालीं शांतारामांच्या राजकमल संस्थेनें 'लोकशाहीर रामजोशी' काढला. त्याच्या दिग्दर्शकांत शांतारामांच्या नांवाबरोबर बाबूरावांचेंहि नांव आहे. ज्या मुलास त्यांनीं कॅमेऱ्यासमोर प्रथम उभें केलें, त्याच्याच संस्थेंत गुरूनें काम केलें. यांत शिष्याची कृतज्ञता पाहावी कीं गुरूची अगतिकता, हें ज्यानें त्यानें ठरवावें. आम्हांस दोन्ही दिसतात. चित्रपट नसे तेव्हां बाबूराव रंगाकडे व मातीकडे परत जात. तेथें त्यांस कोणाची परवानगी लागत नसे. १६ जानेवारी १९५४ रोजीं ते वारले.

आतां त्या विद्यार्थ्याच्या प्रश्नाकडे वळूं. न पाहिलेल्या चित्रपटास सुंदर म्हणण्याचा अधिकार आम्हांस नाहीं, हें प्रथम कबूल केलें पाहिजे. 'सिंहगडां'तील रात्र किती काळी होती, हें आतां आम्ही सांगूं शकत नाहीं. परंतु माणसाचा मोठेपणा त्याच्या नष्ट झालेल्या कृतींतच असतो असें नाहीं. त्या कृतींनीं इतरांत जें पेरलें, त्यांतहि तो सांपडतो. दामले व फत्तेलाल यांनीं दिग्दर्शित केलेला १९३६ चा 'संत तुकाराम' सुदैवानें आपल्यापाशीं आहे. व्हेनिसच्या महोत्सवांत त्याचा गौरव झाला. त्यांतील घर मातीचें दिसतें, भांडीं वापरलेलीं दिसतात, तुकोबांची आवली खरी बायको दिसते. वस्तूचा हा खरेपणा, देखाव्यांतील ही सच्चाई त्या दोघांनीं कोणाच्या हाताखालीं आत्मसात् केली, हें शोधावयास फार दूर जावें लागत नाहीं. प्रभात पुढें पुण्यास गेली, आणि तिच्याच आवारांत १९६० सालीं सरकारनें चित्रपटविद्येची संस्था काढली. देशांतील कित्येक तरुण दिग्दर्शक तेथें शिकले. ज्याचें स्वतःचें शिक्षण फारसें झालें नाहीं, त्या माणसाच्या शाळेची ही परंपरा आहे.

दुसरी गोष्ट आमच्या स्वतःच्या वर्गाची आहे, आणि ती थोडी लाजिरवाणी आहे. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यांत स्थापन झालें तें १९६४ सालीं, म्हणजे बाबूरावांच्या मृत्यूनंतर दहा वर्षांनीं. तोंवर फिल्मचे डबे गोदामांत कुजले, कांहीं चांदीसाठीं वितळविले गेले. त्या काळचे आम्हां प्राध्यापकांचे पूर्वसूरी ताम्रपटांची व बखरींची चिंता वाहत होते, आणि तें योग्यच होतें. परंतु चित्रपट हाहि इतिहासाचा कागद आहे, असें त्यांपैकीं फारच थोड्यांस वाटलें. सिनेमास जाणें हें सभ्य कुटुंबांत तेव्हां चोरटें सुख होतें. चोरट्या सुखाचा दप्तरखाना कोण ठेवील?

तेव्हां आमच्या विद्यार्थ्यास आम्ही असें सांगूं: बाबूरावांचे चित्रपट तुला दाखवितां येत नाहींत, यांत उणेपण त्यांचें नाहीं, ज्यांच्या हातीं ते डबे आले, त्यांचें आहे. तुझ्या घरीं आजोबांच्या काळचीं कांहीं छायाचित्रें, जुन्या खेळांचीं हस्तपत्रकें, एखादी फिल्मची गुंडाळी माळ्यावर पडली असेल, तर ती रद्दींत जाण्यापूर्वीं एकदां उघडून पाहा. आणि कोल्हापुरास गेलास तर देवीचें दर्शन झाल्यावर पावलें खरी कॉर्नरकडे वळव.